गादी कोणी द्यायची?

सानगडीचा पडका किल्ला आणि चुलबंद नदीच्या काठची जुनी गावं ज्या साकोली तालुक्यात आहेत, तो सारा मुलूख एकेकाळी नागपूरकर भोसल्यांच्या राज्यात होता. त्या राज्याच्या इतिहासात मुधोजी ऊर्फ अप्पासाहेब भोसले यांच्याइतका वादग्रस्त राजा दुसरा नाही. कोणी त्यांना चुलतभावाच्या रक्ताने हात माखलेला कारस्थानी म्हणतं, तर कोणी इंग्रजांशी झुंजलेला वीर. या वादात एक गोष्ट मागे पडते. अप्पासाहेब कसे होते हा एक प्रश्न आहे. १८१८ मध्ये वैनगंगेच्या खोऱ्यात लोक का उठले हा दुसरा. पहिल्याचं उत्तर कितीही कडू असलं तरी त्यावरून दुसऱ्याचा निकाल लावता येत नाही.

आरोप आधी पाहू, कारण ते हलके नाहीत. दुसरे रघूजी २२ मार्च १८१६ रोजी वारले. त्यांचा मुलगा परसोजी शरीराने आणि मनाने दुबळा होता, म्हणून पुतण्या अप्पासाहेबांकडे कारभार आला. त्यांनी मे महिन्यातच इंग्रजांशी तैनाती फौजेचा तह केला, म्हणजे परक्यांची फौज त्यांनी स्वतःच दारात आणून बसवली. १ फेब्रुवारी १८१७ ला परसोजी मेलेला आढळला. हा खून अप्पासाहेबांनी करवला असंच पुढे मानलं गेलं. पण याच इंग्रजांनी परसोजीच्या मृत्यूनंतर अप्पासाहेबांना राजा म्हणून मान्यता दिली होती. २६ आणि २७ नोव्हेंबर १८१७ ला इंग्रजांशी सीताबर्डीची लढाई झाली, भोसल्यांची फौज हरली, आणि मग मार्च १८१८ मध्ये इंग्रज रेसिडेंट रिचर्ड जेन्किन्सने त्यांना कैद करताना तो खून आरोप म्हणून पुढे केला. यामुळे खुनाचा दोष अप्पासाहेबांच्या माथ्यावरून उतरत नाही. मात्र शिक्षा देणाऱ्याला त्या दोषाची आठवण सोयीने झाली, हेही नोंदवलं पाहिजे.

अलाहाबादला नेत असताना मे १८१८ मध्ये अप्पासाहेब पहाऱ्यातून निसटले आणि महादेवाच्या डोंगरात गेले. तिथे गोंडांनी त्यांना आसरा दिला. इकडे तेव्हाच्या भंडारा मुलखात, आजच्या गोंदिया जिल्ह्यातल्या कामठ्याचा जमीनदार चिमणा पाटील त्यांच्या बाजूने उठला. नागपुरातून कॅप्टन गॉर्डनला फौज देऊन पाठवावं लागलं, तेव्हा कामठा पडलं. इथे एक तपशील निर्णायक आहे. नागपूरची गादी रिकामी नव्हती. दुसऱ्या रघूजींच्या मुलीचा मुलगा दत्तक घेऊन त्याला तिसरे रघूजी म्हणून जून १८१८ मध्ये गादीवर बसवलं होतं. घराण्याची निष्ठा एवढंच कारण असतं, तर भोसल्यांचं नाव लावणारा राजा समोर होताच. तरीही बंड शमलं नाही. याचा अर्थ मला असा दिसतो की भांडण राजा कोण यापेक्षा राजा कोणी ठरवायचा यावर होतं.

यावर दोन आक्षेप येतात. पहिला, चिमणा पाटील जमीनदारी राखण्यासाठी लढला. असेल, पण ज्या सत्तेकडून आपली सनद आली तिच्यासाठी लढणं आणि आपला हक्क राखणं या त्या काळी वेगळ्या गोष्टी नव्हत्या. दुसरा आक्षेप अधिक खोल आहे: देवगडचं गोंड राज्य भोसल्यांनीच गिळलं, मग गोंडांनी त्यांच्या वंशजाला का जपावं? पहिल्या रघूजींनी सत्ता घेतली हे खरं, पण गोंड राजा बुऱ्हाणशहाला त्यांनी नागपुरात मानाने ठेवलं. अन्याय त्यामुळे पुसला जात नाही. तरी जुन्या धन्याशी काही नातं उरलं होतं. नव्या धन्याशी तसं काहीच नव्हतं.

डागांचा हिशेब मात्र सगळ्यांचा सारखा होत नाही. अप्पासाहेब डोंगरात शिरण्याआधी दोनच महिने, अमेरिकेत अँड्र्यू जॅक्सन सेमिनोल आदिवासींचा पाठलाग करत स्पेनच्या फ्लोरिडात घुसला होता. तो पुढे राष्ट्राध्यक्ष झाला, १८३० मध्ये त्याने आदिवासींना मिसिसिपीपलीकडे हाकलण्याचा कायदा केला, आणि त्याचं चित्र वीस डॉलरच्या नोटेवर आलं. अप्पासाहेब असीरगड, पंजाब असे भटकत १८४० मध्ये जोधपुरात परक्या आश्रयाने वारले. दोघांच्याही नावावर डाग आहेत. कोणाचा डाग झाकला जातो आणि कोणाचा मिरवला जातो, हे जिंकणारा ठरवतो.

वैनगंगेकाठच्या उठावाचा प्रश्न बरोबर होता, हे पुढे इंग्रजांनीच सिद्ध केलं. डिसेंबर १८५३ मध्ये तिसरे रघूजी निपुत्रिक वारले आणि १८५४ मध्ये गव्हर्नर जनरल डलहौसीने राज्य खालसा केलं. गादी द्यायचा हक्क ज्याने घेतला, त्याने ती काढून घेण्याचाही घेतला. म्हणून साकोली-भंडाऱ्यात अप्पासाहेबांचं नाव निघेल तेव्हा परसोजीचा मृत्यू जरूर सांगावा, आणि त्याच दमात कामठ्याचा उठावही सांगावा.