जोसेफ हॉल

जोसेफ हॉल (१ जुलै, १५७४ – ८ सप्टेंबर, १६५६) हे अँग्लिकन चर्चचे इंग्लिश बिशप, उपहासकवी व गद्यलेखक होते. राजा पहिला चार्ल्स आणि पार्लमेंट यांच्यातील यादवी युद्धात ज्या बिशपांनी उत्पन्न, अधिकार आणि राहते घर गमावले, त्यांपैकी ते एक होत. त्या दिवसांविषयी त्यांनी लिहून ठेवलेला वृत्तान्त इतिहासाचे महत्त्वाचे साधन मानला जातो.

पूर्वायुष्य

हॉल यांचा जन्म लेस्टरशायरमधील ॲश्बी येथे झाला. केंब्रिजच्या ज्या इमॅन्युएल कॉलेजात ते शिकले, ते प्युरिटन विचारांचे केंद्र होते. १५९७-९८ मध्ये त्यांची उपहासकाव्ये प्रसिद्ध झाली. पुढे ते धर्मसेवेत शिरले व १६२७ मध्ये एक्झेटरचे बिशप झाले. तेथे प्युरिटन धर्मोपदेशकांशी ते सौम्यपणे वागत. आर्चबिशप विल्यम लॉड यांना हे रुचले नाही आणि हॉल यांच्यावर पाळत ठेवली गेली. प्युरिटनांना झुकते माप दिल्याचा ठपका ज्यांच्यावर आला, त्यांनाच पुढे प्युरिटनांच्या रोषाला तोंड द्यावे लागले.

वाद आणि कारावास

बिशपपद ईश्वरदत्त आहे, असे प्रतिपादन करणारा ग्रंथ हॉल यांनी १६४० मध्ये लिहिला. पुढील वर्षी त्यांच्या दुसऱ्या एका पुस्तिकेला पाच प्युरिटन धर्मोपदेशकांनी आपल्या नावांची आद्याक्षरे जोडून ‘स्मेक्टिम्नस’ या टोपणनावाने उत्तर दिले. त्यांच्या बाजूने जॉन मिल्टन वादात उतरले. मिल्टन यांचे या वादातील गद्य बोचरे, प्रसंगी वैयक्तिक पातळीवर उतरणारे आहे.

१६४१ च्या अखेरीस हॉल यांची नॉरिचला बदली झाली. परंतु तेथे जाण्यापूर्वीच लंडनमध्ये ते संकटात सापडले. जमावाच्या भीतीने बिशपांना उमराव सभेत जाणे अशक्य झाले होते. आपल्या अनुपस्थितीत झालेले कामकाज अवैध होय, असे निषेधपत्र बारा बिशपांनी डिसेंबरमध्ये सादर केले. त्यावरून त्यांच्यावर राजद्रोहाचा आरोप ठेवण्यात आला व हॉल यांच्यासह बहुतेकांची रवानगी लंडनच्या टॉवरमध्ये झाली. १६४२ मध्ये ५,००० पौंडांचा जामीन देऊन हॉल सुटले आणि नॉरिचला गेले.

नॉरिचमधील जप्ती

१६४३ मध्ये पार्लमेंटने आपल्या विरोधकांच्या मालमत्ता जप्त करण्याचा हुकूम काढला. त्यात हॉल यांचे नाव होते. नॉरिचचा प्रदेश पार्लमेंटच्या ताब्यात असल्याने अंमलबजावणीस वेळ लागला नाही. जप्ती अधिकाऱ्यांनी घरातील लाकडी ताटल्या आणि मुलांची चित्रेदेखील यादीत धरली. एका बाईंनी सामान विकत घेऊन ते वापरण्यासाठी हॉल कुटुंबाकडेच ठेवले. पुस्तकांच्या किमतीची हमी एका धर्मोपदेशकाने घेतली. वर्षाला ४०० पौंड देण्याचे ठरले होते, पण पार्लमेंटने ते रोखले. शेवटी कायद्यानुसार त्यांच्या पत्नीला उत्पन्नाचा पाचवा हिस्सा मंजूर झाला. याउलट, काढून घेतलेल्या मालमत्तेवरील कर मात्र हॉल यांच्याकडेच मागितला जाई.

निवासातील प्रार्थनागृहाच्या खिडक्यांवर संतांची चित्रे आहेत, ती नष्ट करावीत, असा आग्रह शहराच्या अधिकाऱ्यांनी धरला. तेव्हा हॉल यांनी काचेवरील आकृतींची फक्त मस्तके काढवली. धडांनी कोणाचे मन दुखावणार नाही, असा त्यांचा युक्तिवाद होता. जुना उपहासकार येथे डोकावतो. कॅथेड्रलचे दैव इतके बरे नव्हते. तेथील काचा व स्मारके फोडली गेली, ऑर्गनच्या नळ्या उपटल्या गेल्या आणि धर्मवस्त्रांची थट्टेची मिरवणूक काढून ती बाजारपेठेत जाळण्यात आली. नवे धर्मोपदेशक दीक्षित केल्याबद्दल हॉल यांना महापौरांकडून बोलावणे आले. अखेर तीन आठवड्यांची मुदत देऊन त्यांना निवासातून बाहेर काढण्यात आले.

ही हकीकत ‘हार्ड मेझर’ (अर्थ: कठोर वागणूक) या लहानशा लेखात आहे. तो मे १६४७ चा आहे. ती एका बाजूची कैफियत आहे, हे वाचताना ध्यानी ठेवावे लागते. तथापि मदत करणाऱ्यांचीही त्यात आठवणीने नोंद आहे.

अखेरचा काळ

उर्वरित आयुष्य त्यांनी नॉरिचलगतच्या हेअम येथे काढले. पत्नी एलिझाबेथ १६५२ मध्ये वारली. हॉल यांचे निधन वयाच्या ८२ व्या वर्षी झाले आणि हेअमच्या चर्चमध्येच त्यांचे दफन करण्यात आले. नॉरिचचे बिशपपद १६६० मधील राजसत्तेच्या पुनःस्थापनेनंतर भरले गेले. त्यावर नियुक्त झालेले एडवर्ड रेनॉल्ड्स हे पूर्वी प्रेस्बिटेरियन पक्षाचे होते.