सकळ लिपी आणि जुने फॉन्ट

मंडळी, संगणकावर मराठी लिहायला आज काय लागते? लिब्रेऑफिस फुकट उतरवून घ्यायचे, दोन-चार वेळा 'नेक्स्ट' दाबायचे, कळफलक मराठी करायचा आणि लिहायला बसायचे. माझ्यासारख्या सत्तरी ओलांडलेल्या मास्तरालाही जमते. पण इथवर कसे आलो ते समजून घेताना मला आपल्या वऱ्हाडातलीच एक जुनी गोष्ट आठवते.

अमरावती जिल्ह्यातले रिद्धपूर म्हणजे महानुभावांचे मोठे स्थान. म्हाइंभटांनी सुमारे १२७८ साली लीळाचरित्र सिद्ध केले ते इथेच. पुढे पंथीयांनी आपले ग्रंथ सकळ लिपीत लिहिले. एका अक्षराच्या जागी दुसरे अक्षर किंवा खूण, असा तो प्रकार. किल्ली ज्याच्याजवळ, त्यालाच वाचता येणार. बाहेरच्यांसाठी ते ग्रंथ कित्येक शतके मुकेच राहिले. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला वि. का. राजवाडे, वि. ल. भावे यांच्यासारख्या संशोधकांनी लिपी उलगडली, तेव्हा कुठे हे भांडार सर्वांना खुले झाले.

आता संगणकाकडे येऊ. संगणकाला अक्षर कळत नाही, आकडा कळतो. इंग्रजी मोठ्या 'ए'चा आकडा ६५. तसे आकडे मराठीलाही हवे होते. पुण्याच्या सी-डॅकने जिस्ट कार्ड काढले, १९९१ साली इस्की हे भारतीय प्रमाणही ठरले. पण डीटीपीच्या दुकानांत राज्य चालले फॉन्टचे. इंग्रजी अक्षरांच्या जागांवर मराठीचे तुकडे बसवलेले : कुठे अर्धा 'क', कुठे काना, कुठे वेलांटी. शिवाय प्रत्येक कंपनीची मांडणी निराळी. पडद्यावर मराठी दिसे, आत मात्र इंग्रजीचे आकडे. ही सकळ लिपीच झाली, फक्त गुप्त ठेवायचे कोणाच्याच मनात नव्हते.

आमच्या शाळेची स्मरणिका नव्वदच्या दशकात अकोल्याला अशीच जुळवून घेतली होती. फाईल जपून ठेवली आहे. पण तो फॉन्ट नसलेल्या संगणकावर उघडली की सहकाऱ्यांच्या आठवणींच्या जागी इंग्रजी अक्षरांची नि चिन्हांची खिचडी दिसते. त्यातले काही लिहिणारे आज हयात नाहीत.

यावर उपाय निघाला तो युनिकोडचा. पहिली आवृत्ती १९९१ची. त्यात देवनागरीला १२८ जागा मिळाल्या. 'क' म्हणजे २३२५. अमरावतीत तोच, अकोल्यात तोच आणि अमेरिकेतल्या नातवाकडेही तोच. विंडोज २००० पासून मंगल फॉन्ट आला. २००१च्या एक्सपीत मात्र सेटिंगमध्ये जाऊन खूण करावी लागे आणि मग ते विंडोजची सीडी मागे!

लिहिण्याचे फुकट सॉफ्टवेअरही त्याच सुमारास आले. सन कंपनीने १९९९ साली स्टारऑफिस विकत घेतले, २००० मध्ये त्याचा कोड खुला केला आणि २००२ मध्ये ओपनऑफिसची १.० आवृत्ती निघाली. पण ५६ केच्या मोडेमवर १०० एमबीची फाईल उतरवायची म्हणजे चार तास, तेही फोन मध्येच तुटला नाही तर. म्हणून सीडी हातोहात फिरत. २००५ पासून केंद्र सरकारनेही भारतीय भाषांच्या सॉफ्टवेअरच्या फुकट सीडी वाटल्या. आजचे लिब्रेऑफिस २०१० साली ओपनऑफिसमधूनच फुटून निघाले.

असो. नवे लिहिण्याची चिंता मिटली. चिंता आहे ती १९९० ते २००५च्या मधल्या लिखाणाची. स्मरणिका, वंशावळी, आजीच्या ओव्या, कितीतरी घरांत फ्लॉप्यांवर पडून असतील. फॉन्टचे नाव ठाऊक असेल तर अशा बऱ्याच फायली युनिकोडमध्ये बदलून घेता येतात. तेव्हा नातलगांना आणि ब्लॉगमित्रांना एकच विनंती. जुनी फाईल असेल तर तिच्या फॉन्टचे नाव आधी कागदावर लिहून ठेवा, आणि ज्याने ती जुळवली तो माणूस गावात असेल तर त्याला याच आठवड्यात गाठा. महानुभावांच्या लिपीची किल्ली पंथातल्या लोकांनी पिढ्यान्‌पिढ्या सांभाळली होती. आपल्या फ्लॉप्यांची किल्ली सांभाळणारे आपणच आहोत.