दामियानो : नाकारलेल्या चालीला चिकटलेले नाव

बुद्धिबळाच्या ग्रंथांत ‘दामियानो बचाव’ हा अत्यंत बदनाम प्रकार मानला जातो. पांढऱ्याने राजासमोरचे प्यादे दोन घरे पुढे सरकविले, काळ्यानेही तसेच उत्तर दिले. पांढऱ्याने राजाकडील घोडा बाहेर काढून त्या प्याद्यावर रोख धरला, तेव्हा काळ्याने बचावासाठी राजाकडील उंटासमोरचे प्यादे एक घर पुढे ढकलले. हाच तो दामियानो बचाव. काय करू नये हे नवशिक्यांना सांगताना जी उदाहरणे दिली जातात, त्यांत याचे स्थान वरचे आहे. मात्र ज्या पोर्तुगीज खेळाडूचे नाव या बचावाला मिळाले, त्याने त्याचा पुरस्कार केला नव्हता. उलट, ही चाल वाईट आहे, असे त्याने १५१२ सालीच छापील पुस्तकातून बजावले होते.

पेद्रो दामियानो हा दक्षिण पोर्तुगालमधील ओदेमिरा या गावचा. व्यवसायाने तो औषधविक्रेता होता. त्याचे बुद्धिबळावरील पुस्तक रोममध्ये प्रसिद्ध झाले ते १५१२ साली. मायकेलअँजेलोने सिस्टाईन चॅपेलच्या छतावरील चित्रे पूर्ण केली तेही याच वर्षी. पोर्तुगीजांनी गोवा घेतल्याला तेव्हा जेमतेम दोन वर्षे झाली होती. इटालियन व स्पॅनिश अशा दोन भाषांतील मजकूर असलेल्या या पुस्तकाच्या सोळाव्या शतकातच आठ आवृत्त्या निघाल्या. १५६० मध्ये ते फ्रेंचमध्ये आणि १५६२ मध्ये इंग्रजीत उतरले. छपाईची कला नवी असतानाच्या त्या काळात एका खेळाच्या पुस्तकाला लाभलेली ही लोकप्रियता असामान्यच म्हणावी लागेल.

या लोकप्रियतेचे कारण त्या काळात दडले आहे. पंधराव्या शतकाच्या अखेरीस युरोपात बुद्धिबळाचे नियम बदलले. पूर्वी वजीर तिरप्या दिशेने केवळ एक घर चालत असे आणि उंट तिरप्या रेषेत दुसऱ्या घरात उडी घेत असे. नव्या नियमांनी उंटाला संपूर्ण तिरपी रेषा मोकळी करून दिली, तर युरोपात ‘राणी’ बनलेला वजीर पटावरील सर्वांत बलाढ्य मोहरा ठरला. संथ चालणारा डाव एकाएकी वेगवान व धोकादायक झाला. जुने ठोकताळे निरुपयोगी ठरले आणि पहिल्या चार-पाच चालींतच डाव हातचा जाऊ लागला. नव्या नियमांवरील आज उपलब्ध असलेले सर्वांत जुने छापील पुस्तक स्पेनच्या लुसेनाचे, १४९७ सालचे. दामियानोची अनेक कूटे लुसेनाच्या कूटांशी मिळतीजुळती आहेत. परंतु नवा खेळ युरोपभरच्या सामान्य वाचकापर्यंत पोहोचविण्याचे श्रेय प्रामुख्याने दामियानोकडे जाते.

पुस्तकात खेळाचे नियम आहेत, डावाच्या काही सुरुवातींचे विश्लेषण आहे आणि मात देण्याची कूटेही आहेत. प्रत्येक खेळाडूच्या उजव्या हाताच्या कोपऱ्यातील घर पांढरेच हवे, हा आज घरोघरी पाळला जाणारा नियम निःसंदिग्धपणे सांगणारे हे सर्वांत जुने पुस्तक होय. पटाकडे न पाहता कसे खेळावे, याचेही मार्गदर्शन त्यात आहे. त्यासाठी घरांना १ ते ६४ असे क्रमांक देऊन ते पक्के लक्षात ठेवावेत, असे तो सांगतो. ‘दामियानोची मात’ म्हणून ओळखली जाणारी रचनाही याच पुस्तकातली. शत्रूच्या राजाजवळ आपले प्यादे ठाण मांडून बसलेले असताना हत्तीचा बळी देऊन राजाला कोपऱ्यात खेचायचे आणि मोकळ्या झालेल्या उभ्या पट्टीवरून वजिराने मात करायची, अशी ही युक्ती आजही शिकविली जाते.

त्याचे सामान्य सल्लेही जुने वाटत नाहीत. हेतूशिवाय चाल करू नये, घाई करू नये, वरचष्मा असेल तर मोहऱ्यांची अदलाबदल करावी, चांगली चाल सुचली तरी तिच्याहून चांगली आहे का ते पाहावे, हा उपदेश आजचा कोणताही प्रशिक्षक विद्यार्थ्याला करतो.

अर्थात दामियानोचे सारेच बरोबर नव्हते. बुद्धिबळाला पोर्तुगीजमध्ये ‘शद्रेझ’ म्हणतात. त्यावरून हा खेळ इराणचा सम्राट झर्क्सिस याने शोधला असावा, असा तर्क त्याने मांडला. वास्तविक या शब्दाचे मूळ भारतीय आहे. संस्कृत ‘चतुरंग’चे फारसीत ‘चतरंग’ झाले, अरबीत ‘शतरंज’ झाले आणि अरबांबरोबर तो शब्द इबेरियात पोहोचला.

सुरुवातीच्या चालींबाबत मात्र त्याची नजर अचूक होती. वर सांगितलेल्या बचावात पांढरा घोड्याने राजासमोरचे प्यादे सरळ मारून घेतो. काळ्याने तो घोडा मारला की पांढऱ्याचा वजीर तिरप्या रेषेतून येऊन शह देतो. राजाने पुढे पाऊल टाकले तर तो भर पटावर उघडा पडतो. घोड्यासमोरचे प्यादे मध्ये घातले तर वजीर मधले प्यादे मारून एकाच वेळी राजाला शह देतो आणि कोपऱ्यातील हत्तीवर हल्ला चढवितो. हत्ती हातचा जातो. दोष मुळात त्या प्याद्याच्या चालीत आहे. ती राजाभोवतीची तटबंदी खिळखिळी करते आणि राजाकडील घोड्याची हक्काची जागाही अडविते.

या प्रसंगी वजिराकडील घोडा बाहेर काढून मधल्या प्याद्याला जोर द्यावा, हेच सर्वोत्तम उत्तर असे दामियानोचे मत होते. स्पॅनिश धर्मोपदेशक रुय लोपेझ याला ते मान्य नव्हते. १५६१ सालच्या आपल्या ग्रंथात त्याने दामियानोवर टीका केली. त्या घोड्यावर पांढऱ्याने उंट रोखला की काळा अडचणीत येतो, असे त्याचे प्रतिपादन होते. उंटाची ती चाल पुढे ‘रुय लोपेझ’ या नावानेच अजरामर झाली. पण घोड्याची चाल त्यामुळे बाद झाली नाही. साडेचार शतकांनंतरही काळ्याचे सर्वाधिक प्रचलित उत्तर तेच आहे आणि जगज्जेतेपदाच्या लढतींतही ते खेळले जाते. म्हणजे दामियानोचा निर्णय काळाच्या कसोटीवर उतरला, पण त्याचे नाव चिकटले ते त्याने नाकारलेल्या चालीला.

हा बचाव अगदीच अडगळीत गेला असेही नाही. घोडा न मारता वजीर राजासमोर आणला तर काळ्याला प्यादे परत मिळविता येते. १८९७ मध्ये सेंट पीटर्सबर्ग येथे शिफर्सविरुद्ध रशियाच्या मिखाईल चिगोरिनने या बचावाचा प्रयोग केला आणि डाव बरोबरीत सुटला. १९६४ मध्ये अमेरिकेतील ह्यूस्टन येथे बॉबी फिशर एकाच वेळी अनेकांशी खेळत असताना एका हौशी खेळाडूने याच बचावाच्या बळावर त्याला बरोबरीत रोखले. परंतु असे अपवाद वगळता नामवंतांनी या वाटेला जाणे टाळले आहे.

आंतरराष्ट्रीय बुद्धिबळ महासंघाने ‘ग्रँडमास्टर’ हा किताब अधिकृतपणे द्यायला प्रारंभ केला तो १९५० साली. दामियानोच्या काळात ना किताब होते, ना मानांकन. त्याचे मोठेपण मोजायचे ते त्याच्या पुस्तकावरून. पट मांडताना उजव्या कोपऱ्यात पांढरे घर आले की नाही हे पाहणारा जगभरचा प्रत्येक खेळाडू, नकळत का होईना, या पोर्तुगीज औषधविक्रेत्याने ५०० वर्षांपूर्वी छापून ठेवलेला नियमच पाळत असतो.