तळटीप : उज्जयिनीची रेषा

मूळ मजकुरातील ‘उज्जयिनीची रेषा’ म्हणजे लंका, उज्जैन व कुरुक्षेत्र यांवरून मेरूपर्यंत जाते असे भारतीय ज्योतिषाने मानलेले शून्य रेखावृत्त, म्हणजेच इतर स्थळांचे रेखांश आणि वेळा जिच्यापासून मोजायच्या ती दक्षिणोत्तर रेषा होय. सवाई जयसिंगाने बांधलेली आणि १९२३ साली ग्वाल्हेरच्या माधवराव शिंद्यांनी दुरुस्त करवलेली वेधशाळा याच नगरीत आहे. तारायंत्र व आगगाडी यांनी दूरदूरची गावे जोडल्यावर गावोगावच्या स्थानिक वेळा गैरसोयीच्या ठरल्या, आणि ऑक्टोबर १८८४ मध्ये वॉशिंग्टन येथील परिषदेत ग्रिनिचला शून्याचा मान मिळाला: बाजूने २२ मते, विरुद्ध एक, तर फ्रान्स व ब्राझील तटस्थ. हा निवाडा खगोलशास्त्राचा कमी आणि व्यवहाराचा अधिक होता, कारण जहाजांचे बहुतेक नकाशे ग्रिनिचवरच बेतलेले होते. हिंदुस्थानची उपस्थिती तर ब्रिटिश शिष्टमंडळातील जनरल स्ट्रॅची यांच्यापुरतीच होती. पुढे १९०६ पासून ८२°३०′ पूर्व रेखांशाची भारतीय प्रमाणवेळ आली. मेघनाद साहांच्या पंचांग सुधारणा समितीने राष्ट्रीय पंचांगासाठी रेखांश हाच घेतला, अक्षांश मात्र उज्जैनचा, २३°११′ उत्तर, ठेवला. ही तडजोड चतुर म्हणावी लागेल. उज्जैनची स्थानिक मध्यम वेळ प्रमाणवेळेच्या सुमारे २७ मिनिटे मागे असते. पुढील गणित पडताळताना वाचकाने घड्याळातील वेळेतून हा फरक वजा करावा.