बडतर्फीचा हुकूम आणि त्यामागील चौकशी

जुन्या दफ्तरांचे रुमाल सोडतांना आपली दृष्टि प्रथम सनदा, महजर व वाद-निवाडे यांकडे जाते. इंग्रजी अमदानींतले कागद निघाले तर ते बहुधा बाजूस पडतात. त्यांत एखाद्या मामलेदाराच्या किंवा कारकुनाच्या बडतर्फीचा हुकूम आढळला, तर 'गैरवर्तनावरून काढिलें' एवढी नोंद करून आपण पुढें जातों. परंतु असा हुकूम शिक्षेचा पुरावा होय, अपराधाचा नव्हे. हा भेद पुण्यासच घडलेल्या क्रॉफर्ड प्रकरणावरून स्पष्ट करण्याचें आम्हीं योजिलें आहे.

आर्थर ट्रॅव्हर्स क्रॉफर्ड हे मुंबईचे पहिले म्युनिसिपल कमिशनर. पुढें ते पुण्यास विभागाचे कमिशनर असतां, मामलेदारांच्या बढत्या व बदल्या यांसाठीं हणमंतराव नांवाच्या मध्यस्थामार्फत ते पैसे घेतात, असा आरोप १८८८ सालीं त्यांजवर आला. लॉर्ड रे यांच्या सरकारनें १८५० च्या ३७ व्या कायद्यान्वयें पुण्यास कमिशन बसविलें.

हा कायदा बारकाईनें पाहण्याजोगा आहे. त्यान्वयें आरोप मोघम ठेवून चालत नसे; त्यांचीं निरनिराळीं कलमें लिहून काढावीं लागत. कलमांची नक्कल, तसेंच साक्षीदारांची व दस्तऐवजांची यादी आरोपीस चौकशीपूर्वीं निदान तीन दिवस द्यावी लागे. चौकशी जाहीर होत असे. आरोपीस साक्षीदारांची उलटतपासणी करितां येई, बचावाचे साक्षीदार आणतां येत, आणि कमिशनला प्रत्येक कलमावर पृथक् अभिप्राय लिहावा लागे. क्रॉफर्ड यांस हें सर्व मिळालें. लांचेचे आरोप शाबीत झाले नाहींत. हाताखालच्या मुलुखांतील लोकांकडून कर्जें काढल्याचा दोष मात्र राहिला, आणि त्यावरून स्टेट सेक्रेटरींनीं त्यांस नोकरींतून दूर केलें.

आतां दुसरी बाजू. लांच दिल्याचें कबूल करून साक्ष देणारे मामलेदारच होते. खरें बोलल्यास तुम्हांस अपाय होणार नाहीं, असें अभयवचन त्यांस सरकारतर्फे देण्यांत आलें होतें. पण निकालानंतर विलायतेंत ओरड झाली कीं, ज्यांनीं पैसे भरून जागा मिळविल्या, तेच फौजदारी अधिकार चालवीत न्यायासनावर कसे बसतात? सरकारी जागा विकत घेणारा त्या जागेस अपात्र होतो, असा इंग्रजी कायदा १८०९ पासून होताच. १८८९ सालीं साक्षीदारांस खटल्यांपासून संरक्षण देणारा कायदा येथें झाला खरा. तथापि त्यांतील कांहींच्या जागा गेल्याच. पुण्यास सभा भरली, आणि लोकमान्य टिळकांनीं मामलेदारांचा पक्ष हिरीरीनें मांडला.

विलायतेंतील आक्षेप निराधार होता असें आम्ही म्हणत नाहीं. लांच देऊन आलेला न्यायाधीश प्रजेनें कां सोसावा? परंतु एकानें जुलमामुळें पैसे दिले, दुसऱ्यानें बढतीच्या लोभानें दिले. हा फरक ज्याचा त्यास आपल्या तोंडें मांडतां यावयास पाहिजे होता. त्यांच्यासाठीं १८५० च्या कायद्याचें कमिशन बसलें नाहीं. दुसऱ्याच्या चौकशींत दिलेली जबानी तीच त्यांच्याविरुद्ध पुरावा ठरली.

हें कायद्यास धरून कसें झालें, याचें उत्तर त्याच कायद्याच्या २५ व्या कलमांत आहे. या कायद्याखालीं चौकशी न करितांही कोणत्याही कारणासाठीं नोकरास तहकूब करण्याचा वा काढण्याचा सरकारचा अधिकार त्यानें राखून ठेविला होता. म्हणजे चौकशी हा नोकराचा हक्क नव्हता, सरकारची मर्जी होती. कमिशनरास ती लाभली, मामलेदारास लाभली नाहीं.

मर्जीचा हक्क होण्यास पुढें साठ वर्षें लागलीं. १९१९ च्या कायद्यानें नोकरी सरकारच्या मर्जीवर, पण नियमांस अनुसरून, असें म्हटलें. तथापि मद्रास सरकारच्या छापखान्यांतील एका नोकराच्या दाव्यांत १९३७ सालीं प्रिव्ही कौन्सिलनें ठरविलें कीं, नियमाप्रमाणें चौकशी न होतां बडतर्फी झाली, तरी तेवढ्यावरून न्यायालयांत दाद नाहीं. १९३५ च्या कायद्याच्या २४० व्या कलमानें मात्र कारण दाखविण्याची वाजवी संधि बंधनकारक केली, आणि १९४८ सालीं लाल यांच्या खटल्यांत त्याच कौन्सिलनें ती न देतां केलेली बडतर्फी रद्दबातल ठरविली. १९५० पासून हेंच तत्त्व राज्यघटनेच्या ३११ व्या अनुच्छेदांत आलें. शिक्षा ठरवितांना पुनः ऐकून घेण्याची दुसरी संधि १९७६ च्या दुरुस्तीनें गेली. आरोप कळविणें व बचाव ऐकणें हा गाभा राहिला.

संग्राहकांस आमची विनंति एवढीच. घरोघरच्या दफ्तरांत बडतर्फीचा हुकूम सांपडल्यास त्याच्या जोडीचे तीन कागद शोधावे: आरोपांचीं कलमें, त्या इसमाची कैफियत, आणि साक्षींच्या जबान्या. ते मिळाल्यास चारही एकत्र बांधावे. न मिळाल्यास 'चौकशीचे कागद उपलब्ध नाहींत' असा शेरा यादींत अवश्य लिहावा. ज्याची बाजू तेव्हां ऐकिली गेली कीं नाहीं हें ठाऊक नाहीं, त्यास आपल्या यादींतील एका ओळीनें दुसऱ्यांदा बडतर्फ करण्याचा अधिकार आपणांस नाहीं.