दारव्ह्याची वेळ आणि केतकरांचे गणित

दारव्ह्यात सूर्य माथ्यावर येतो तेव्हा माझ्या दुकानातल्या घड्याळांत बारा वाजून एकोणीस मिनिटे झालेली असतात. ही वर्षाची सरासरी. कार्तिकात पाव तास अलीकडे, माघात जवळजवळ तितकेच पलीकडे. देशाची वेळ साडेब्याऐंशी रेखांशावरची, आपण पावणेअठ्ठ्याहत्तरावर, आणि अंशाला चार मिनिटे. घड्याळजीचा मुलगा हा हिशेब लहानपणीच शिकतो.

ही प्रमाणवेळ 1 जानेवारी 1906 पासूनची. त्याआधी देशभर रेल्वे मद्रासच्या वेळेवर धावायची, म्हणजे दारव्ह्यापेक्षा दहा मिनिटे पुढे. मूर्तिजापूर-यवतमाळची शकुंतला ही गाडी आली आणि आमच्या मोतीबाग स्टेशनासाठी गावाला मिनिटकाट्याची गरज पडू लागली. वडिलांकडे गिऱ्हाईक घड्याळ लावून घ्यायला येई ते गाडीसाठी. लग्नाला मात्र घड्याळ चालत नसे. तिथे घंगाळात घटिकापात्र सोडलेले असे. बुडाला बारीक भोक असलेली ती वाटी चोवीस मिनिटांत भरून बुडाली की एक घटका झाली. गोरज मुहूर्ताला तर तेवढेही लागत नसे, सूर्य बुडाला की अक्षता.

पण मुहूर्त ज्या पंचांगातून निघतो, ते पंचांग कोण मांडतो? हे कोणी विचारत नाही. मला विचाराल तर मी व्यंकटेश बापूजी केतकरांचे नाव घेईन. त्यांचा जन्म 1854 सालचा, नरगुंदचा. मुंबई इलाख्याच्या शिक्षण खात्यात त्यांनी मास्तरकी केली आणि बागलकोटच्या इंग्रजी शाळेचे हेडमास्तर म्हणून 1911 मध्ये निवृत्त झाले. हाताशी वेधशाळा नाही, मोठी दुर्बीण नाही. होती ती पाश्चात्त्य ज्योतिर्विदांची कोष्टके, आणि शाळा सुटल्यावर उरलेला वेळ.

तेव्हाची आपली पंचांगे गणेश दैवज्ञांच्या ‘ग्रहलाघवा’वर चालत. हा ग्रंथ शके 1442 चा, म्हणजे 1520 चा. नांदगावच्या या माणसाने आकडेमोड इतकी सोपी केली होती की साध्या जोश्यालाही पंचांग मांडता येई. गैरसोय एकच. पितळी दांड्याचे लंबकाचे घड्याळ आमच्या उन्हाळ्यात दिवसाला दहा-पंधरा सेकंद मागे पडते. एका दिवसात ते कळत नाही, महिन्याने कळते. ग्रहगणिताचे तसेच झाले. साडेतीन शतकांत बारीक चूक साचत गेली आणि पंचांगातली ग्रहस्थिती आकाशातल्या ग्रहांशी जुळेना. केरो लक्ष्मण छत्र्यांनी 1865 पासून सुधारलेले पंचांग काढले. त्यांचे विद्यार्थी टिळकही या वादात उतरले. केतकरांनी ‘ज्योतिर्गणित’ आणि ‘केतकी ग्रहगणित’ लिहून पंचांगकर्त्यांच्या हाती नवी हत्यारे दिली. त्यातले दुसरे संस्कृत श्लोकांत आहे. मला यात त्यांची हुशारी दिसते: शास्त्री जी भाषा मानतात, तिच्यातच नवे आकडे बसवले.

खरे भांडण मात्र आकड्यांवरून नव्हते. राशिचक्र कुठून मोजायचे, यावरून होते. टिळकांकडचे लोक रेवतीच्या ताऱ्यापासून मोजत. केतकर चित्रा ताऱ्याच्या बरोबर समोरच्या बिंदूपासून. दोन्हींत सुमारे चार अंशांचे अंतर. सूर्य रोज साधारण एक अंश सरकतो, म्हणून टिळक पंचांगाची मकरसंक्रांत 10 जानेवारीच्या आसपास येते, बाकीच्यांची 14-15 ला. मधल्या चार दिवसांत अमावास्या पडली की अधिकमास वेगळा होतो आणि एकाच आळीत दोन घरांच्या दिवाळीत महिन्याचे अंतर पडू शकते. आज महाराष्ट्रातली बहुतेक पंचांगे चित्रापक्षाची आहेत.

केतकरांची आणखी एक करामत आहे. 1911 मध्ये त्यांनी फ्रेंच ज्योतिष संस्थेच्या पत्रिकेत नेपच्यूनपलीकडे दोन ग्रह असावेत असे मांडले आणि त्यांना ब्रह्मा आणि विष्णू अशी नावे दिली. ब्रह्म्याचा फेरा 242 वर्षांचा सांगितला. 1930 च्या फेब्रुवारीत प्लुटो सापडला, त्याचा फेरा 248 वर्षांचा. केतकर त्याच वर्षी ऑगस्टमध्ये गेले. यावरून ‘प्लुटो आमच्या माणसाने आधीच सांगितला’ अशी फुशारकी मारणारे माझ्या बाकड्यावर बसून गेले आहेत. मला ते पटत नाही. ग्रह कुठे शोधायचा हे केतकरांनी सांगितले नव्हते आणि विष्णूचा अजून पत्ता नाही. त्यांची मोठी कामगिरी पंचांगातच आहे.

तीही आपण अर्धवट वापरतो. पंचांगात छापलेला सूर्योदय बहुधा मुंबईचा असतो. दारव्ह्यात सूर्य साधारण वीस मिनिटे आधी उगवतो. संकष्टीला तर मजाच. मुंबईची वेळ पाहून बायका गच्चीवर जातात तेव्हा चंद्र उगवून वर आलेला असतो. आमच्या आईने एकदा विचारले होते, “काऊन रे, माह्या उपासाचा टाइम मुंबईले काऊन इचारा लागते?” तेव्हापासून घरच्या पंचांगात मी चंद्रोदयाच्या वेळा पेन्सिलने खोडून लिहितो.

पुढे मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली 1952 मध्ये सरकारने पंचांग सुधारणा समिती नेमली. धार्मिक पंचांगासाठी समितीने चित्रेचाच आधार घेतला आणि 21 मार्च 1956 चा अयनांश, म्हणजे वसंतसंपातापासून राशिचक्राच्या आरंभापर्यंतचे अंतर, 23 अंश 15 कला ठरवला. व्यवहारासाठी वेगळी सौर दिनदर्शिका दिली, ती 22 मार्च 1957 पासून म्हणजे 1 चैत्र शके 1879 पासून सुरू झाली. आकाशवाणीवर ही सौर तारीख लागली की दुकानात कोणी ना कोणी म्हणतोच, हे तर तिथीशी जुळत नाही. मग मी भिंग डोळ्यावरून काढतो आणि पहिल्यापासून समजावून सांगतो. गिऱ्हाईक ऐकून घेतो आणि सेलचे पैसे विचारतो.