महाराणी बायजाबाई शिंदे : पेढीपासून पंढरीपर्यंत

आपल्या मंदिराच्या जीर्णोद्धाराचे कार्य सर्वांच्या सहकार्याने सिद्धीस गेले, ही मोठ्या आनंदाची गोष्ट होय. कोणी रोख रक्कम दिली, कोणी धान्य दिले, कोणी अंगमेहनत केली. अशा मंगल प्रसंगी देवकार्यासाठी ज्यांनी आपली थैली मोकळी केली, त्या पूर्वजांचे स्मरण करणे उचित ठरेल. या संदर्भात पुण्यश्लोक अहिल्यादेवी होळकर यांचे नाव घराघरांत घेतले जाते. परंतु त्यांच्या पुढच्या पिढीतील, पैशाच्या व्यवहारात भल्याभल्या सावकारांना मागे सारणाऱ्या आणि तितक्याच मोकळ्या हाताने दान करणाऱ्या आणखी एका मराठी स्त्रीची ओळख आपल्यापैकी फारच थोड्यांना असेल. ती म्हणजे ग्वाल्हेरच्या महाराणी बायजाबाई शिंदे.

बायजाबाईंचा जन्म १७८४ साली कागल येथे घाटगे घराण्यात झाला. राजर्षी शाहू महाराजांचा जन्म पुढे याच घराण्यात झाला. वडील सखाराम घाटगे, म्हणजेच इतिहासातील प्रसिद्ध सर्जेराव घाटगे. १७९८ साली, वयाच्या चौदाव्या वर्षी, पुण्यात त्यांचा विवाह दौलतराव शिंदे यांच्याशी मोठ्या थाटाने झाला. त्याच वर्षी शिंद्यांच्या फौजेचा पगार भागविण्यासाठी सर्जेरावांनी पुण्यातील सावकार व धनिकांना पकडून, त्यांचे हालहाल करून पैसा वसूल केला. पैसा कोणत्या मार्गाने मिळवू नये, याचा धडा बायजाबाईंच्या माहेरातच घडला, असे म्हटल्यास वावगे होणार नाही. लेकीने मात्र पैशाचा मार्ग वेगळा धरला.

बायजाबाई उत्तम घोडेस्वार होत्या. तलवार व भाला चालविण्यातही त्या तरबेज होत्या. १८१७ साली दुसरे बाजीराव इंग्रजांशी लढावयास उभे राहिले, तेव्हा शिंद्यांनी पेशव्यांना साथ द्यावी असे त्यांचे मत होते. परंतु दौलतरावांनी इंग्रजांशी तह केला. २१ मार्च १८२७ रोजी दौलतराव वारले. त्यांना पुत्र नव्हता. जनकोजी या मुलाला दत्तक घेऊन बायजाबाईंनी राज्याचा कारभार आपल्या हाती घेतला आणि तो सहा वर्षे चालविला.

त्यांची खरी हुशारी दिसते ती पैशाच्या व्यवहारात. उज्जैन व बनारस या दोन्ही मोठ्या बाजारपेठांत त्यांच्या पेढ्या होत्या. त्या काळी आजच्यासारख्या बँका नव्हत्या. रोकड घेऊन दूरचा प्रवास करणे म्हणजे लुटारूंना आमंत्रण. म्हणून व्यापारी किंवा काशीयात्रेकरू एका गावच्या पेढीवर रक्कम भरून हुंडी लिहून घेत आणि ती दुसऱ्या गावच्या पेढीवर दाखवून पैसे उचलीत. पेढीला मिळे ती हुंडणावळ. हा सारा व्यवहार पतीवर चाले. एकदा हुंडी परत गेली की पेढीची अब्रू गेलीच. उज्जैन हे माळव्याच्या अफूच्या व्यापाराचेही मोठे ठाणे असल्याने तेथील सराफांचे भांडवल त्यात गुंतलेले असे. अशा बाजारात एका विधवा राणीने आपला जम बसविला, ही सामान्य गोष्ट नव्हे.

त्यांच्या खजिन्याकडे कंपनी सरकारचेही लक्ष होते. बायजाबाईंनी कंपनीला ८० लाख रुपये कर्जाऊ दिले. त्याच्या व्याजातून इंग्रज अंमलदारांच्या हाताखालील, परंतु शिंद्यांच्या नावे ठेवलेल्या फौजेचा खर्च भागवावयाचा, असे ठरले. म्हणजे पैसा शिंद्यांचा आणि हुकूम इंग्रजांचा! सावकार कितीही मोठा असला, तरी ऋणको जर राजसत्ताच असेल तर सावकाराचे काही चालत नाही, हे येथे दिसून येते.

पुढे जनकोजी वयात येताच राज्याधिकारावरून कलह सुरू झाला. १८३३ च्या जुलैत फौज फिरली आणि बायजाबाईंना ग्वाल्हेर सोडावे लागले. आग्रा, फत्तेगड, अलाहाबाद अशी भटकंती त्यांच्या नशिबी आली. बनारसच्या पेढीतील त्यांच्या पैशावरूनही वाद माजला. तो पैसा बाईंचा की राज्याचा, हा प्रश्न! १८३५ साली फॅनी पार्क्स नावाची इंग्रज स्त्री त्यांना फत्तेगडला भेटली. राज्य गमावून तंबूत राहणाऱ्या या राणीचा रुबाब व आतिथ्य तिने आपल्या प्रवासवर्णनात आदराने नोंदविले आहे. त्यानंतर बायजाबाईंनी काही वर्षे गोदाकाठी नाशिक येथे काढली.

आता त्यांच्या दानाकडे वळू. ज्या उज्जैनच्या बाजारात त्यांची पेढी होती, तेथेच त्यांनी भर वस्तीत गोपाळ मंदिर उभारले. काशीत १८२८ साली ज्ञानवापीच्या पवित्र विहिरीवर दगडी खांबांचा प्रशस्त मंडप बांधला. १८३० च्या सुमारास तेथे गंगेवर शिंदे घाटाचे काम केले. आणि राज्य गेल्यानंतर, १८४९ साली, पंढरपुरात चंद्रभागेच्या काठी द्वारकाधीशाचे मंदिर बांधले. वारीला जाणाऱ्या आपल्या गावकऱ्यांनी ते मंदिर पाहिले असेल. परंतु बांधणारीचे नाव किती जणांनी विचारले असेल?

या दानातील शिंदे घाटाची कथा आपण विशेष ध्यानात घ्यावी. दगडी बांधकाम इतके अवजड झाले की घाट गंगेच्या काठी खचला. लाखो रुपये ओतणाऱ्या राणीचेही काम नदीपुढे टिकले नाही. पुढच्या काळात शिंदे घराण्याने तो घाट पुन्हा बांधला, म्हणून आज तो उभा आहे. दान देणाऱ्याने एकदा द्यावे. परंतु ते राखण्याचे काम प्रत्येक पिढीला नव्याने करावे लागते. जीर्णोद्धार म्हणजे तरी दुसरे काय?

बायजाबाई १८५६ साली ग्वाल्हेरला परतल्या. १८५८ च्या जूनमध्ये तात्या टोपे व राणी लक्ष्मीबाई यांनी ग्वाल्हेर घेतले, तेव्हा वृद्ध बायजाबाई राजघराण्यातील स्त्रियांसह शहराबाहेर निघून गेल्या; त्या बंडात सामील झाल्या नाहीत. १८६३ साली ग्वाल्हेर येथे त्यांचे देहावसान झाले.

त्यांचे राज्य गेले, पेढ्या बंद पडल्या, कंपनीला दिलेले कर्ज कागदोपत्री उरले. उरला तो काशीचा घाट, उज्जैनचे गोपाळ मंदिर आणि पंढरीचा द्वारकाधीश. आपल्या मंदिरासाठी ज्यांनी ज्यांनी हातभार लावला, त्यांच्या देणगीची रक्कम लहान असो वा मोठी, ती आता गावाची झाली आहे. तिची देखभाल करणे हे आपले आणि आपल्या मुलाबाळांचे कर्तव्य आहे. ते पार पाडण्याची बुद्धी ग्रामदैवत आपणा सर्वांस देवो, हीच प्रार्थना.